‘बुश ख्रिसमस’मधली हेलन ग्रीव्ह आणि आपली मंदाकिनी : आश्रमशाळेतल्या खेळासाठी माहिती हवी

रविवार_कारंजा

नमस्कार मंडळी. नाशिकजवळच्या पेठ तालुक्यातल्या एका आश्रमशाळेत डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात बालचित्रपटाचा खेळ ठरतोय. पाचवी ते आठवी, साधारण १२० मुलं. विषय ‘रानात वाट काढणारी मुलं’. त्यासाठी १९४७ चा ऑस्ट्रेलियन ‘बुश ख्रिसमस’ निवडलाय, पण काही गोष्टी अडल्यात.

१. त्यातली मुख्य मुलगी हेलन ग्रीव्ह. तिच्याबद्दल दोन मिनिटं बोलायचंय, पण शोधायला गेलं की निकोल किडमनच समोर येते.
२. हा चित्रपट अ‍ॅबोरिजिनल (म्हणजे ऑस्ट्रेलियातल्या मूळ रहिवाशांच्या) लोककथेवर बेतलाय, असं पत्रकाच्या मसुद्यात लिहिलंय. ते तसंच ठेवू का?
३. संवाद इंग्रजी. मराठी सबटायटल लावावीत की कुणीतरी शेजारी उभं राहून सांगावं?
४. सुरुवातीला दादासाहेब फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’ या मूकपटातली त्यांची मुलगी मंदाकिनी दाखवायची इच्छा आहे. पण जवळच्या फाइलमध्ये सगळे तुरुतुरु पळतात, मुलं नुसती हसत सुटतील. त्याला काही उपाय?

पांढरा_पडदा

आधी किडमनचा गुंता सोडवू. ‘बुश ख्रिसमस’ नावाचे चित्रपट दोन. १९४७ चा कृष्णधवल, दिग्दर्शक राल्फ स्मार्ट, लांबी ७७ मिनिटं. १९८३ चा रंगीत, दिग्दर्शक हेन्री सॅफ्रन. दुसऱ्यात हेलनचं काम किडमनने केलं, अगदी सुरुवातीच्या काळात. पुढे ती कुठच्या कुठे गेली आणि तिच्या नावाखाली आधीची हेलन पार झाकली गेली. त्यामुळे शोधताना ‘हेलन ग्रीव्ह’सोबत ‘चिप्स रॅफर्टी’ (तिचा सहकलाकार) किंवा ‘ओव्हरलँडर्स’ (तिचा आधीचा चित्रपट) हा शब्द जोडा. फाइल रंगीत दिसली की ती आपली नव्हे, पुढे बघत बसू नका.

आता हेलनबद्दल. तिची ओळख दोन चित्रपटांवर उभी आहे आणि त्या दोहोंचा एकमेकांशी सांधा आहे. पहिला ‘द ओव्हरलँडर्स’ (१९४६), ईलिंग स्टुडिओचा, दिग्दर्शक हॅरी वॉट. दुसऱ्या महायुद्धात जपानी फौजा उतरतील या भीतीने उत्तर ऑस्ट्रेलियातली हजार गुरं हाकत हाकत क्वीन्सलंडकडे नेण्याची ती गोष्ट. हेलन त्यात पार्सन्स कुटुंबातली धाकटी मुलगी आहे. थोरलीचं काम डॅफ्नी कॅम्पबेलने केलं आणि जाहिरातीचा सगळा झोत तिच्यावर पडला. नायक चिप्स रॅफर्टी. राल्फ स्मार्ट तिथे सहनिर्माते होते. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘बुश ख्रिसमस’ दिग्दर्शित केला तेव्हा रॅफर्टी, जॉन फर्नसाइड आणि हेलन हे तिघंही इकडे आले. फरक एवढाच की गुरं हाकणारा नायक रॅफर्टी इथे घोडेचोर झाला. मुलांना ही उलटापालट सांगाच, त्यांना मजा वाटते.

कथा अगदी सरळ आहे. ख्रिसमसच्या सुटीच्या तोंडावर मुलं शाळेतून घोड्यांवर घरी येत असतात. वाटेत भेटलेल्या अनोळखी माणसांजवळ वडिलांच्या घोडीबद्दल बोलून बसतात. घोडी आणि शिंगरू चोरीला जातात. मग मुलं डोंगरात चोरांच्या मागावर निघतात, त्यांचं अन्न पळवतात, बूट पळवतात, त्यांना जेरीला आणतात. टोळीत पाच जण : हेलन, मॉरिस युनिकॉम्बचा जॉन, निकी यार्डलीचा स्नो, मायकल यार्डलीचा इंग्रज मुलगा मायकल आणि नेझा सॉन्डर्सचा नेझा. पाचांत मुलगी एकटी हेलन. ती कुणी वाचवावी म्हणून बसलेली नाही, टोळीच्या निर्णयांत तिचाही वाटा असतो. १९४७ सालच्या मानाने ही साधी गोष्ट नव्हे. बोलायच्या दोन मिनिटांत हेच सांगा, जन्मगाव आणि तारखांच्या मागे लागू नका.

एक बारीक नोंद. हेलन, मायकल आणि नेझा या तिघांच्या पात्रांची नावं त्यांच्या खऱ्या नावांवरूनच आहेत. त्यामुळे जुन्या लेखांत ‘हेलनने घोडी शोधली’ असं वाक्य आलं तर ते पात्राबद्दल आहे की मुलीबद्दल, हे दर वेळी तपासावं लागतं. ‘ओव्हरलँडर्स’मध्येही तिचं नाव हेलनच आहे, म्हणजे घोळ दुप्पट.

आणि ती विस्मरणात का गेली? चित्रपट कुणासाठी होता ते बघा. ब्रिटनमधल्या रँक या चित्रपटसंस्थेच्या बालविभागाने तो काढला, प्रमुख होत्या मेरी फील्ड. शनिवारी सकाळी मुलांच्या क्लबांत दाखवायचे हे चित्रपट. मोठ्यांची समीक्षा, तारकांची मासिकं, मुखपृष्ठं या वाटेने ते फारसे गेलेच नाहीत. याच मेरी फील्ड यांनी पुढे काळोख्या थिएटरात इन्फ्रारेड छायाचित्रं काढून बघणाऱ्या मुलांच्या चेहऱ्यांचा अभ्यास केला. मुलं कुठे पुढे सरकतात, कुठे चुळबुळतात, सगळं टिपलं. पडद्यावरच्या मुलीपेक्षा पडद्यासमोरच्या मुलांकडे लक्ष जास्त, असा तो सगळा कारभार होता.

घाटमाथा

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर : ते वाक्य पत्रकातून काढा. ‘बुश ख्रिसमस’ लोककथेवर नाही. गोष्ट गोऱ्या शेतकरी कुटुंबातल्या मुलांची आहे. अ‍ॅबोरिजिनल आहे ते त्यातलं रानाचं ज्ञान, आणि ते जवळपास सगळं नेझाच्या वाट्याला आलंय. शिधा संपल्यावर खायला काय मिळेल, हे त्याला कळतं. झाडाच्या मुळातल्या अळ्या आणि भाजलेला साप, हे दोन प्रसंग त्यातूनच येतात. ‘अ‍ॅबोरिजिनल मुलाच्या रानज्ञानावर पुढे सरकणारी साहसकथा’ असं लिहा, म्हणजे खोटं होणार नाही.

अळ्यांबद्दल थोडं, कारण मुलं विचारणारच. तिकडे त्यांना विचेटी म्हणतात. एका मोठ्या पतंगाची ही अळी. मध्य ऑस्ट्रेलियात एका जातीच्या बाभूळवर्गीय झुडपाच्या मुळांत राहते. मूळ कुठे फुगलंय, जमिनीला भेग कुठे गेलीय, यावरून जागा ओळखायची, खणायचं, मूळ फोडायचं. कच्चीही खातात, निखाऱ्याच्या राखेत परतूनही. कॉलेज रोडवरच्या मुलांना हा प्रसंग दाखवला तर ‘ईऽऽ’ करतील. पेठ-सुरगाण्याकडच्या मुलांना खेकडे, मासे, रानभाज्या, कंद हे सगळं हाताने आणून माहीत असतं. त्यांचा प्रश्न ‘शी, खातात कसं’ हा नसतो, ‘कोणत्या झाडाखाली मिळते’ हा असतो. तेव्हा निवेदकाने स्वतः तोंड वाकडं करू नये. हसायची खूण तोच देतो, आणि एकदा दिली की परत घेता येत नाही.

शब्दांचं भान हवं. मराठीत ‘ऑस्ट्रेलियातले आदिवासी’ म्हणायला हरकत नाही, पण ‘तेही आपल्यासारखेच’ असं म्हणून सोडून देऊ नका. कोकणा, वारली, महादेव कोळी ही जशी वेगवेगळी माणसं, तसे तिकडेही शेकडो समाज आणि शेकडो भाषा. ‘अ‍ॅबोरिजिनल’ हे बाहेरच्यांनी दिलेलं एकत्र नाव आहे. १९४७ च्या संवादांत त्यांच्यासाठी आज अपमानास्पद मानले जाणारे शब्द येऊ शकतात. त्यांचं मराठीकरण करू नका, नेझाला नेझाच म्हणा.

तिकडची एक रीत इथेही पाळण्यासारखी आहे. अनेक अ‍ॅबोरिजिनल समाजांत मृत व्यक्तीचं नाव, चित्र, आवाज समोर आणताना आधी कल्पना देतात. ऑस्ट्रेलियन दूरचित्रवाणीवर कार्यक्रमाआधी तशी सूचना येते. खेळ सुरू होण्यापूर्वी एक वाक्य पुरे : ‘हा चित्रपट जुना आहे, यात दिसणारी काही माणसं आता हयात नाहीत.’

खरोखर लोककथेतून आलेलं काही हवं असेल तर ‘डॉट अँड द कांगारू’ (१९७७), योरम ग्रॉस यांचा अ‍ॅनिमेशनपट. पार्श्वभूमी खऱ्या जंगलाची, त्यावर रेखाटलेली पात्रं. डॉटचा आवाज बार्बरा फ्रॉली यांचा. ही दुसरी अनोळखी अभिनेत्री, कारण आवाजाला चेहरा नसतो. त्यात बुनयिपचा प्रसंग आहे. बुनयिप म्हणजे डोहात, दलदलीत राहणारा, रात्री ओरडणारा, पाण्याजवळ गेलेल्या पोरांना ओढून नेणारा प्राणी. तो अ‍ॅबोरिजिनल कथांतूनच आलाय, आणि तो भाग गुहाचित्रांच्या धाटणीने रंगवलाय. पण चौकट तीच. मूळ पुस्तक १८९९ चं, एथेल पेडली या गोऱ्या लेखिकेचं. बुनयिप उसना, घर दुसऱ्याचं.

आपल्याकडे डोहावरच्या साती आसरा आहेतच. मुलांना विचारा, ‘तुमच्या गावच्या डोहात कोण राहतं?’ दहा मिनिटं सहज निघतात. आणि गंमत म्हणजे ‘कालिया मर्दन’ हीसुद्धा डोहातल्या प्राण्याचीच गोष्ट. तुमच्या कार्यक्रमाचा धागा तिथे आहे, ‘रानात वाट’पेक्षा घट्ट.

‘जेडा’ (१९५५) कुणी सुचवलं तर टाळा. तो महत्त्वाचा आहे, ऑस्ट्रेलियाचा पहिला रंगीत कथापट आहे, त्यातली नायिका रोझली कुनॉथ वयाने सोळाची आणि स्वतः अ‍ॅबोरिजिनल. पण पळवून नेणं, मृत्यू, सगळं आहे त्यात. सहावीच्या पोरांचं ते काम नव्हे.

रीळ_सोळा_एमएम

तुरुतुरु पळण्याचं कारण वेग. मूकपटाच्या काळात कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी (फ्रेम). आता तीच फिल्म सेकंदाला २४ ने चालवली की माणसं दीडपटीपर्यंत भरभर हलतात. फाळक्यांनी कुणाला पळवलेलं नाही, आपण पळवतोय.

हिशोब करून बघा. ३५ एमएम रुंदीच्या फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी. ‘कालिया मर्दन’ (१९१९) मूळ सुमारे ६,००० फूट, त्यातले ४,४४१ फूट उरलेत, म्हणजे ७१,०५६ चौकटी. सेकंदाला २४ ने चालवलं तर ४९ मिनिटं, १८ ने जवळपास ६६, आणि १६ ने ७४. १६ ला एका सेकंदाला बरोबर एक फूट जातो, म्हणून हा आकडा लक्षात ठेवायला सोपा. तुमची फाइल ४७ ते ५० मिनिटांची असेल तर ती २४-२५ ने उतरवलेली आहे असं समजा. ६५ च्या आसपास असेल तर वेग आधीच सुधारलेला आहे, परत कमी कराल तर सगळे पाण्यात चालल्यासारखे दिसतील.

व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये वेग ०.७५ ठेवा, म्हणजे १८ चौकटी होतात. ०.६७ ला १६. आधी ०.७५ लावून कुणाचं तरी चालणं बघा. पाऊल टाकल्यावर वजन जमिनीवर पडल्यासारखं वाटलं की वेग बरोबर. पार्श्वसंगीत जोडलेलं असेल तर ते मंद होऊन रडकं वाटेल, आवाज बंदच करा. जागेवर कुणी पेटी-तबला वाजवणारं असेल तर उत्तम, नाहीतर नुसता निवेदक चालतो.

पूर्ण ६६ मिनिटं दाखवू नका. सुरुवातीचा मंदाकिनीचा भाग आणि शेवटचं डोहातलं युद्ध एवढंच घ्या, मिळून १२ ते १५ मिनिटं. सुरुवात का, तर त्यात फाळक्यांची सात वर्षांची मुलगी आधी कृष्ण म्हणून येतच नाही. कॅमेऱ्याकडे तोंड करून चेहऱ्यावर एकामागून एक भाव आणते, आणि मग त्या मुलीचा कृष्ण होतो. बघणाऱ्याला आधीच सांगून टाकलंय की ही मुलगी आहे आणि ती अभिनय करतेय. ज्या काळात बायकांची कामं पुरुष करत, ‘लंका दहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही अण्णा साळुंकेच होते, त्या काळात नाशिकच्या एका मुलीने कृष्ण केला. हेलनच्या २८ वर्षं आधी.

पडद्याचं प्रमाण हमखास चुकतं. दोन्ही चित्रपट जवळपास चौकोनी, ४:३ च्या घरातले. प्रोजेक्टर ‘फुल’ किंवा ‘वाइड’वर असला की मंदाकिनी गुटगुटीत होते आणि घोडे बुटके होतात. ‘४:३’ किंवा ‘नॉर्मल’ निवडा, दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या आल्या की बरोबर.

सबटायटल की निवेदन? पाचवीच्या मुलांसाठी निवेदन. सबटायटल वाचायला लहान मुलाला मोठ्यापेक्षा जास्त वेळ लागतो, आणि तेवढ्या वेळात चोर झाडामागे गेलेला असतो. शिवाय मागच्या रांगेला दिसत नाही ते वेगळंच. पण निवेदन म्हणजे वाक्यावाक्याचं भाषांतर नव्हे. चित्रपट दोनदा बघून कागदावर वेळा टिपा, प्रसंग बदलतो तिथे दोनच वाक्यं, ती संवाद सुरू होण्याआधी. बोलताना मूळ आवाज निम्म्यावर, बोलणं झालं की परत वर. आवाजाच्या बटणावर दुसरा माणूस बसवा. एकाच माणसाने दोन्ही करायला घेतलं की तिसऱ्या प्रसंगाला आवाज खालीच राहतो.

सातवी-आठवीसाठी सबटायटल हवीच असतील तर एका वेळी दोन ओळी, ओळीला ३० अक्षरांच्या आत, पडद्यावर किमान ३ सेकंद. फाइल साठवताना ‘यूटीएफ-८’ ही अक्षरांची पद्धत निवडा, नाहीतर प्रश्नचिन्हं दिसतील. टीव्हीच्या पेनड्राइव्ह प्लेअरमध्ये जोडाक्षरं फुटतात, ‘घोड्यावर’चं ‘घोड् यावर’ होतं. सबटायटल चित्रातच भाजून घ्या (बर्न-इन), म्हणजे अक्षरं चित्राचाच भाग होतात; हँडब्रेक या व्हिडिओ बदलायच्या प्रोग्रॅममध्ये ती सोय आहे.

सिडको_लेखानगर

साप खाण्याचा प्रसंग कापला तर? पालकांच्या तक्रारी येतात हल्ली.

घाटमाथा

@सिडको_लेखानगर, कापलात तर नेझाकडे चित्रपटात करायला उरतं काय? भूक लागली, कुणालाच काही येत नाही, त्याला येतं, हा त्या पात्राचा कणा आहे. आणि इंग्रज मायकलची जी घालमेल होते ती विनोदी आहे, किळसवाणी नाही. तक्रारीची भीती असेल तर मुख्याध्यापकांना आधी तेवढा भाग दाखवून ठेवा.

पांढरा_पडदा

हक्कांबद्दल कुणी बोललं नाही म्हणून. भारतात चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रकाशनापासून ६० वर्षं. १९१९ चा तर कधीच मुक्त झाला, १९४७ च्या चित्रपटाची मुदत इथे २००७ अखेर संपते. नव्याने जोडलेलं संगीत किंवा नवी सबटायटल यांचा हक्क वेगळा, ती वापरू नका. शिवाय शाळेने शाळेच्या कामासाठी विद्यार्थी, शिक्षक आणि पालक एवढ्यांपुरताच दाखवलेला खेळ कायद्याच्या कलम ५२ च्या सवलतीत बसतो. तिकीट लावलं किंवा गावाला खुलं आमंत्रण दिलं की ती सवलत गेली. ‘डॉट’ १९७७ चा आहे, हक्क चालू आहेत, तो याच सवलतीत राहूनच दाखवा.

‘कालिया मर्दन’ची चांगली प्रत हवी असेल तर पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. ते आता एनएफडीसीच्या (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) छत्राखाली आहे, पत्र त्याच नावाने करा आणि शाळेचं लेटरहेड लावा.

आणखी एक. डिसेंबरात ख्रिसमस आणि पडद्यावर रणरणतं ऊन, हे मुलांना कळणार नाही. निफाडला पारा खाली गेलेला असतो त्या आठवड्यात, पोरं स्वेटर घालून बसलेली असतील. वर्गातला पृथ्वीगोल आणा, दक्षिण गोलार्ध दाखवा, तीन मिनिटांचं काम. चित्रीकरण ब्लू माउंटन्समध्ये झालंय. तिकडच्या झाडांचं नाव युकॅलिप्टस सांगण्यापेक्षा ‘आपली निलगिरी’ म्हणा. तिच्या तेलाच्या वाफेमुळे लांबचे डोंगर निळसर दिसतात, म्हणून ते नाव.

रविवार_कारंजा

खूप आभार सगळ्यांचे. मग क्रम असा ठरवतोय : सूचना आणि गोल ५ मिनिटं, मंदाकिनी १५, डोहाच्या गोष्टी १०, मग ‘बुश ख्रिसमस’. ‘डॉट’ पुढच्या वेळी. वीज जाते तिकडे वरचेवर, आणि पडद्याला शाळेतली पांढरी चादर आहे. चालेल?

रीळ_सोळा_एमएम

क्रम ठीक. एकूण १०७ मिनिटं होतात, मध्ये १० मिनिटं सुटी धरा, म्हणजे दोन तास. जेवण आधी उरकून घ्या, खाण्याचे प्रसंग उपाशीपोटी बघवत नाहीत.

विजेचं गणित : प्रोजेक्टर २५० वॉट, लॅपटॉप ५०, स्पीकर ६०, मिळून ३६०. १५० एएचची १२ व्होल्टची बॅटरी कागदावर १,८०० वॉट-तास, पण वापरात असलेली बॅटरी निम्मीच धरायची, त्यातून इन्व्हर्टरची तूट गेली की साधारण ७४० उरतात. म्हणजे दोन तास, काठावर. त्यामुळे सुटीत आणि गोष्टींच्या वेळी प्रोजेक्टर ‘इको’वर (कमी विजेवर) टाका. एकदम बंद करून लगेच चालू करू नका, दिवा गरम असताना बसतो. वीज गेल्यावर लॅपटॉप स्वतःच्या बॅटरीवर राहू द्या, ५० वॉट तिथे वाचतात. इन्व्हर्टरवर वसतिगृहाच्या ट्यूबलाइट आहेत का, हे आदल्या दिवशी बघा. त्या असल्या तर वरचं सगळं गणित कोसळतं.

चादर नको. धुऊन धुऊन पातळ झालेली असते, अर्धा उजेड आरपार जातो आणि मागच्या भिंतीवर दुसरा चित्रपट दिसतो. मेन रोडवर मांजरपाट मिळेल, दुहेरी करून शिवून घ्या, वरच्या-खालच्या दुमडीत बांबू. आठ फूट रुंद, सहा फूट उंच, म्हणजे ४:३ आपोआप जमतं. खालची कड जमिनीपासून चार फुटांवर, नाहीतर पहिल्या रांगेतल्या डोक्यांची सावली थेट नेझाच्या पायांवर पडेल.